हुंदकांक शून्य

नायक सौरभ भोईटे आठ वर्षांपूर्वी बर्फातल्या एका चौकीवर शहीद झाले. यंदाच्या फेब्रुवारीत ते सुखरूप घरी आले. आईनं त्यांना बूट बाहेर काढायला लावले. हे सगळ्या आंबेरवाडीनं पाहिलं.

असं काही झालेलं नाही. आमच्या कंपनीचं तसं पत्रक आहे आणि त्याखाली माझीही सही आहे. ‘आंबेरवाडी येथे नियोजित असलेली तांत्रिक चाचणी होऊ शकली नाही,’ असं त्यात म्हटलंय. सही केल्यावर माणसानं शब्दाला जागावं. म्हणून जे झालं नाही, ते मी पहिल्यापासून सांगते.

मी ईश्वरी मोहिते, सिनेमाची संकलक. दुसऱ्यांनी जीव धोक्यात घालून चित्रित केलेलं आपण वातानुकूलित खोलीत बसून कापायचं, हे माझं काम. माझी आई लोकांना सांगते, ‘ती कॉम्प्युटरमध्ये आहे.’ खोटं नाही.

या धंद्यातली पहिली शिकवण अशी. एका माणसाचा निर्विकार चेहरा घ्या. त्याच्याआधी वाफाळत्या भाताचं ताट दाखवा, प्रेक्षक म्हणतो, याला भूक लागलीय. तोच चेहरा तिरडीनंतर दाखवा, प्रेक्षक म्हणतो, काय दुःख आहे बघा डोळ्यांत. नटानं काहीही केलेलं नसतं. बहुतेक वेळा तो पुढच्या हप्त्याचा विचार करत असतो. भावना चेहऱ्यात नसते, दोन चित्रांच्या सांध्यात असते, आणि सांधा आमच्या हातात असतो. युद्धपटात तर सगळं सांध्यावरच चालतं. स्फोटानंतर आवाज पूर्ण काढून टाकला की प्रेक्षकाच्या कानात दडा बसतो. ऐकू येणार नाही इतक्या खालच्या पट्टीतला घुमारा सोडला की पोटात गोळा येतो आणि त्याला वाटतं, आपलं देशावर प्रेम आहे. असेलही. पण घुमारा बंद केला की ते कमी होतं, हे मी मोजलेलं आहे.

मोजलं ते ‘नाडी’नं. नाडी हे फरहान मुजावरचं यंत्र. फरहान इचलकरंजीचा. घरी यंत्रमाग होते, त्यामुळे धागा कुठं तुटतो हे ओळखायची सवय घरातच लागली, असं तो गुंतवणूकदारांना सांगतो. मला त्यानं सांगितलंय की तो मागाजवळ कधी फिरकलासुद्धा नाही.

नाडीच्या खुर्चीला हातावर दोन पट्ट्या असतात आणि पाठीत एक. माणूस हलला, म्हणजे आतून हलला, की तळव्याला किंचित घाम येतो आणि कातडीतून वीज जरा सहज वाहते. तो एकाग्र झाला की ठोके मंदावतात. कंठ दाटला की श्वास सलग येत नाही, तुकड्यातुकड्यानं येतो. या तिन्हींचा मिळून फरहाननं एक आकडा केला आणि त्याला नाव दिलं हुंदकांक. शून्य ते दहा. कांदा चिरणारा माणूस दोनवर असतो. स्वतःच्या बहिणीच्या पाठवणीला फरहाननं सगळ्या वऱ्हाडाला पट्ट्या बांधल्या होत्या. वऱ्हाड साडेसहावर गेलं, नवरी दीडवर होती. ती पोरगी सुखात आहे.

इथपर्यंत हे नुसतं मापयंत्र होतं. पुढची पायरी अशी की नाडीकडे आम्ही चित्रित केलेलं सगळं असतं. वापरलेलं, टाकलेलं, चुकून कॅमेरा चालू राहिल्यामुळे आलेलं, सगळं. मधल्या जागा ती स्वतः रंगवून भरते. हॉलमधल्या खुर्च्या वाचत वाचत ती पुढची दोन मिनिटं तिथल्या तिथं कापून लावते. त्यामुळे प्रत्येक हॉलला वेगळा सिनेमा मिळतो. नाशिकला तोफा जास्त चालल्या. पुण्यात शेवटची श्रेयनामावली लांबवली की हुंदकांक वाढायचा. याचं कारण अजून कुणाला कळलेलं नाही.

नाडीला एकाच गोष्टीची धास्ती, माणूस खुर्चीतून उठण्याची. एक उठला तर लघवी. दहा उठले तर कंटाळा. निम्म्याहून जास्त उठले तर तिनं आपला शेवटचा निर्णय चुकीचा धरायचा, धुराचा लोट दाखवून दोन मिनिटं मागं जायचं आणि गोष्ट वेगळ्या वाटेनं न्यायची. हा नियम फरहाननं लिहिला, मी तपासला आणि आम्ही दोघं त्यावर जाम खूश होतो.

सिनेमा नायक सौरभ भोईट्यांवर होता. सैन्यात नायक म्हणजे हवालदाराच्या खाली. सिनेमात नायक म्हणजे सगळ्यांच्या वर. हा फरक आमचे दिग्दर्शक कौस्तुभ वाळिंबे यांना शेवटपर्यंत पटला नाही. ज्या चकमकीत ते गेले, तिला सरकारनं युद्ध म्हटलं नव्हतं, वाळिंबे सरांनी म्हटलं. सौरभला घरी ‘बंटी’ म्हणत. ते सरांनी पहिल्याच दिवशी काढून टाकलं. “बंटी गोळी खातो हे मला दिसतच नाही,” ते म्हणाले. “बंटी आइस्क्रीम खातो.”

शेवट त्यांनी असा बसवला होता. जखमी साथीदाराला खेचून आणताना सौरभला गोळी लागते. तो पडतो, संथ गतीत, एकोणीस सेकंद. मग बिगूल. मग त्याचा मेलेला चेहरा, अगदी जवळून.

चेहऱ्यानं घात केला. आमच्या नटाला मरता येईना, पापण्या लवायच्या. सात वेळा मेला, सातही वेळा लवल्या. शेवटी दोन टेकच्या मध्ये तो वाळूच्या पोत्याला टेकून खरंच झोपी गेला. कॅमेरा चालू होता. सर पडद्याकडे बघत म्हणाले, “अगं, हाच की मेलेला! श्वास तेवढा काढ.” तो श्वास मी काढला. चौकटीमागून चौकट छाती थोपवत गेले. दुसऱ्या दिवसापर्यंत तो छान मेला.

आता कुटुंबाची संमती तेवढी हवी होती. सौरभचे वडील हणमंत भोईटे, निवृत्त सुभेदार. त्यांनी सरांना फोनवर सांगितलं, “एकट्यात बघणार न्हाई. गाव बघंल तवा आमी बघू. मग सही.”

आंबेरवाडी सातारा जिल्ह्यात, माणसापेक्षा फौज जास्त असलेलं गाव. शाळेच्या मैदानावर आम्ही हवा भरून उभा राहणारा काळा हॉल उभारला. बाहेर दुपारचं ऊन, आत गुडूप अंधार. पट्ट्या बघून एक म्हातारे माजी हवालदार खुर्चीत बसेनात.

“शॉक न्हाई नव्हं बसत?”

“नाही आजोबा,” फरहान म्हणाला, “आम्ही काही देत नाही, फक्त घेतो.”

“मग सरकारी दिसतंय,” म्हणत ते बसले.

पहिल्या रांगेत सुभेदार, ताठ. शेजारी मंगलकाकू, सौरभची आई. डोक्यावर पदर, मांडीवर पर्स, पर्सवर दोन्ही हात. फरहाननं त्यांना हात खुर्चीच्या हातावर ठेवायची विनंती केली. काकूंनी पर्स नवऱ्याकडे दिली आणि एक हात ठेवला.

मी, फरहान आणि सर बाहेरच्या ट्रकमध्ये आलेखासमोर बसलो. सगळं सुरेख चाललं होतं. गोळी लागली. एकोणीस सेकंद सौरभ पडत होता. हुंदकांक सात, साडेसात. सरांनी माझा खांदा दाबला. बिगूल वाजला.

आणि हॉल रिकामा झाला.

म्हणजे आलेखावर. एकाही खुर्चीत कुणी नाही. “आग लागली काय?” म्हणत फरहान उठला. मी धावत जाऊन हॉलचा पडदा बाजूला केला. आग नव्हती. सगळं गाव उभं होतं, सावधान. माणसं, बायका, काखेतली पोरं. आंबेरवाडीत शेवटच्या सलामीचा बिगूल वाजला की बसलेला माणूस उभा राहतो. याला रीत म्हणायचं की सवय, कुणास ठाऊक. त्यांना उठताना आपण उठतोय हे कळतही नाही. उभं असताना कुणी रडत नाही. रडणं नंतर, ज्याच्या त्याच्या घरी. दारातलं कुत्रं तेवढं बसून होतं, पण त्याच्याखाली खुर्ची नव्हती म्हणून त्याची नोंद झाली नाही.

नाडीच्या दृष्टीनं गोष्ट सरळ होती. तुम्ही नायक मारलात, प्रेक्षक निघून गेला.

धूर आला. धूर विरला तेव्हा सौरभ पुन्हा खडकामागं होता. गोळी आली, खडकावर आपटली आणि निघून गेली. बिगूल थांबला होता, त्यामुळे गाव बसलं. नाडीनं नोंद केली : नायक जिवंत, प्रेक्षक परत.

“बंद कर!” सर ओरडले.

“बंद केलं तर आत काळोख होईल, सर,” फरहान म्हणाला. “सगळी वयस्कर माणसं आहेत. कुणाचं कंबरडं मोडलं तर त्यावर सिनेमा कोण काढणार?”

नाडी हुशार होती. तिनं दुसराच एक जवान पाडून पाहिला. बिगूल, गाव उभं. धूर, जवान जिवंत. तिनं झेंडा फडकवला, मागं राष्ट्रगीताची धून लावली. गाव उभं. धूर, झेंडा गायब. देशप्रेम जागवायचे जेवढे मार्ग आमच्या धंद्यात आहेत, तेवढे तिनं पाठोपाठ वापरले आणि प्रत्येक वेळी हॉल रिकामा झाला. शेवटी तिनं सरळ निष्कर्ष काढला की या गावाला युद्ध आवडत नाही.

तिनं युद्ध थांबवलं. शत्रूच्या चौकीत लोक चहा पिताना दिसले. तो आमच्या ज्युनिअर कलाकारांचा मधल्या सुट्टीतला चहा. मग कर्नलसाहेब कॅमेऱ्यात बघून म्हणाले, “जा बेटा, पंधरा दिवस सुट्टी.” हे वाक्य मूळ सिनेमात पहिल्या भागात होतं आणि स्वयंपाक्याला उद्देशून होतं. पण त्याच्यानंतर सौरभचा चेहरा आला, निर्विकार, आणि सगळ्या हॉलला दिसलं की पोरगं आतून हरखलंय.

सौरभ ट्रकमधून उतरला, एसटीत बसला, घराच्या दारात आला. नटाला बूट लागत होते. टेक संपल्यावर तो वाकून त्यांच्या नाड्या सोडत होता, तो टाकलेला तुकडा नाडीनं इथं जोडला. त्याच्या जरासं आधीच काळोखातून मंगलकाकूंचा आवाज आला होता.

“बूट भाईर काढ, आत्ता सारवलंय.”

पडद्यावरच्या सौरभनं बूट काढले.

हॉल असा हसला की हवेच्या भिंती हलल्या. मागून कुणीतरी विचारलं, “किती दिवस हाय रं बंटी?” फौजीच्या गावात आलेल्या माणसाला हाच पहिला प्रश्न असतो, बरा आहेस का हा दुसरा. दुसऱ्यानं तिकडूनच उत्तर दिलं, “पंधरा! ऐकलं न्हाईस व्हय? सायेब म्हनला की!”

यापुढं नाडीकडं घरातलं काही उरलं नव्हतं. तिनं हाताशी होतं ते लावलं. पोत्याला टेकून झोपलेला नट. मीच श्वास काढलेला तो चेहरा. फक्त तिनं माझी प्रत न घेता मूळची घेतली. मागचं पोतं पुसून तिथं उशी रंगवली. छाती वर जात होती, खाली येत होती.

आम्ही पुढच्या चित्राची वाट बघत बसलो. ते येईना. हुंदकांक उतरत उतरत शून्यावर आला. ठोके नेहमीचे, श्वास सलग, तळवे कोरडे.

“शून्य?” सर म्हणाले. “कंटाळले?”

“कुणी उठत नाहीये, सर.”

नाडीची अडचण मला समजत होती. तिला आकडा वाढवायचा होता. पण जे काही वाढवायला जावं त्यानं हे लोक उठतात, आणि हे एवढं एक चित्र आहे की ज्याला कुणीच उठत नाही. म्हणून तिनं ते धरून ठेवलं. मी पडदा सारून आत उभी राहिले. सगळं गाव एका माणसाला झोपलेला बघत होतं. एक पोर किरकिरलं, तर दोन-तीन बायकांनी एकदम “श्श” केलं. सुभेदारांनी बायकोची पर्स छातीशी धरली होती. पहिल्या रांगेतल्या एका बाईनं मंगलकाकूंना हळूच विचारलं, “जेवायला उठवायचं न्हाई?” काकू म्हणाल्या, “असू दे. परवासानं दमलाय.”

जनरेटरचं डिझेल संपेपर्यंत हे चाललं. संपलं तेव्हा कुणी टाळी वाजवली नाही. लोक पाय न वाजवता बाहेर पडले.

ट्रकपाशी मंगलकाकू माझ्याकडे आल्या. मला वाटलं, शिव्या देतील. शिव्यांची मी तयारी केली होती.

“पोरी, पैल्यांदा त्यो पडला नव्हं, त्ये लई येळ पडत हुता.”

“ते मुद्दाम हळू केलेलं असतं, काकू.”

“कशापायी?”

“लोकांना जास्त वाटावं म्हणून.”

त्यांनी हॉलकडे बघितलं. त्यातली हवा काढायला सुरुवात झाली होती.

“पलटणीतली पोरं घरी आलती तवा म्हनली, काकू, त्याला कळलं बी नसंल. आट वरीस मी तेवढ्याच एका वाक्यावर हाय. आन तुमच्यात बघतीया तर ह्यो पडतोय, पडतोय... एवढा येळ दुखलं व्हय गं त्याला?”

“नाही,” मी म्हटलं. “ते एकोणीस सेकंद आम्ही केलेत. खरं एक. एकसुद्धा नसेल.”

“मग एकच दाव की.”

एवढं बोलून त्या निघाल्या. मागं सुभेदार उभे होते. त्यांचं आणि काकूंचं भांडण माझ्यासमोरच झालं, चालता चालता.

“गावासमोर पोराला पळपुटा केला,” ते म्हणाले. “कुणाला वाचिवलं न्हाई, काय न्हाई. सुट्टीवर आला आन झोपला. मेडल परत करायचं का मग?”

“करा. मेडलाला मी जेवायला वाढत न्हाई.”

“आन धनाजीचं काय? त्याला खेचून आनला म्हनून त्यो आज पोरंबाळं घिऊन बसलाय.”

“धनाजी मागच्याच रांगेत हुता,” काकू म्हणाल्या. “त्यालाच इच्यारा, त्याला कुठला आवडला.”

धनाजी एका पायावर आणि एका कार्बनच्या पायावर फाटकाशी उभा होता. सुभेदारांनी त्याला विचारलं नाही.

पुण्यात परत आल्यावर दोन गोष्टी झाल्या. पहिली, कंपनीनं ठरवलं की काही झालेलं नाही. शून्य हुंदकांकाचा युद्धपट बाहेर कळला असता तर नाडीची एक खुर्ची खपली नसती. दुसरी गोष्ट कायद्याची. माणसाचे ठोके आणि श्वास ही त्याच्या शरीराची नोंद असते आणि अशी नोंद पंधरा दिवसांत पुसावी लागते. नाडीचा सिनेमा कुठल्या फायलीत नसतो. तो त्या त्या हॉलच्या ठोक्यांवर ओवलेला असतो. ठोके पुसले की मोती विखुरतात, पुन्हा तसेच जुळत नाहीत. पुसण्याचं बटण संकलकाकडे असतं. म्हणजे माझ्याकडे.

आम्ही प्रदर्शनाची पक्की प्रत करायला बसलो. मी एकोणीसचा एक केला. सौरभला गोळी लागली आणि तो पडला, जसा माणूस पडतो तसा. सरांनी नाडीच्या खुर्चीत बसून तीनदा पाहिलं.

“अगं, तू माणूस मारलास की लाइट घालवलीस? साडेसातचं तीनवर आलं!”

“कुटुंबाला हेच दाखवायचंय, सर.”

“त्यांनी नाही म्हटलं तर एकोणीस परत. आणि तू घरी.”

“चालेल,” मी म्हटलं. चालणार नव्हतं, पण म्हटलं.

भोईटे पतिपत्नी सकाळच्या गाडीनं स्टुडिओत आले. छोट्या खोलीत आम्ही पाचजण. सौरभ पडला. मंगलकाकूंनी माझ्याकडे बघितलं आणि मान एकदा हलवली. बिगूल वाजला तसे दोघं उभे राहिले. त्यांच्यामुळे मी उभी राहिले, फरहान उभा राहिला, आणि शेवटी वाळिंबे सरही, स्वतःच्याच सिनेमाला. मग तो चेहरा आला. जवळून. निश्चल.

दिवे लागल्यावर काकू तोंड धुवायला गेल्या. सुभेदार मला कॉफीच्या यंत्रापाशी घेऊन गेले.

“ह्यो झोपलाय,” ते म्हणाले.

मी यंत्राखाली कप ठेवला.

“मी पोरं उचललीत. मेल्यालं तोंड असं नसतंय. ह्ये त्येच हाय न्हवं? गावात दावलं त्ये. घरचं.”

“तेच आहे.”

“मग शवास कुठं गेला?”

“मी पुसला.”

त्यांनी कॉफीच्या यंत्राची तीन-चार बटणं दाबली. गरम पाणी आलं. ते त्यांनी प्यायलं.

“मंगलला सांगू नगंस.”

“नाही.”

मागून काकू पदरानं तोंड पुसत आल्या. “काय सांगू नगंस? बंटी झोपलाय त्ये? मला काय दिसत न्हाई व्हय? बारा वरीस त्याला शाळंला उठिवलाय मी.”

सुभेदारांनी हातातला कप खाली ठेवला. मग वाळिंबे सर कागद घेऊन आले तशी त्यांनी झटकन सही केली. “हितं मरू दे त्याला,” ते म्हणाले. “धनाजीला वाचवून मेलाय त्यो, लोकांनी बघावं. एका सेकंदात मरू दे. एक सेकंद वाढिवला तर मी कोर्टात जाईन.” सरांनी तीनचा आकडा एकदा मनात म्हटला असावा, पण तोंडानं ते “हो, हो” म्हणाले.

मग सुभेदार माझ्याकडे वळले. “आन त्ये घरचं? अजून हाय?”

“शुक्रवारी पुसतील. पंधरा दिवस भरतात.” पुसणारी मी, हे मी सांगितलं नाही. ते त्यांना कळलं.

“म्हंजी सुट्टी संपली,” काकू म्हणाल्या. रडल्या नाहीत. बसस्टँडवर उभं राहिलेल्या माणसासारखा त्यांचा चेहरा झाला होता, गाडी लागलीय आणि डबा अजून हातातच आहे.

सुभेदारांनी कोरा कागद मागितला. “एक्स्टेन्शनचा अर्ज करतो.”

“काका, कायदा आहे तो,” फरहान म्हणाला. “यात कुणाचंच काही चालत नाही.”

“अर्ज कायद्यातच करायचा असतोय, बाळा.” त्यांनी खिशातून पेन काढलं. नोकरीत असताना सुट्टी वाढवून मागणाऱ्या पोरांचे अर्ज त्यांच्याच टेबलावर यायचे. प्रत्येकाची आई सीरियस असायची. काहींची तर वर्षातून दोनदा. त्यांनी एकही अर्ज पुढं पाठवला नव्हता आणि याचा त्यांना अभिमान होता, असं काकूंनी मला तिथंच सांगितलं, ते ऐकतील अशा बेतानं.

ते लिहीत गेले. काकू खांद्यावरून वाचत होत्या.

“मी कुठं सीरियस हाय?”

“गप. अर्जात लिवावं लागतंय.”

“मग तारीख तरी नीट घाला.”

अर्ज मी वर पाठवला. वर म्हणजे कंपनीच्या विधी विभागाकडे. पोच आली, क्रमांक आला. उत्तर अजून यायचंय, तोवर बटण तसंच आहे. मजकूर जसाच्या तसा देते.

‘प्रति, मा. अधिकारी, संकलन विभाग. विषय : रजा वाढवून मिळणेबाबत. महोदय, वरील विषयास अनुसरून कळविण्यात येते की, नायक सौरभ हणमंत भोईटे, राहणार आंबेरवाडी, हे पंधरा दिवसांच्या मंजूर रजेवर स्वगृही आले असून सदर रजा येत्या शुक्रवारी संपत आहे. जवानाची मातोश्री सीरियस आहे. घरी दुसरे कोणी नाही. जवानाने नोकरीच्या काळात एकदाही रजा वाढवून मागितलेली नाही, मागितली असती तरी ती मी दिली नसती, याची कृपया नोंद घ्यावी. जवान अद्याप झोपेत असल्याने अर्जावर त्याची सही घेता आलेली नाही. तरी सदर जवानास न उठवता त्याची रजा पुढील आदेश होईपर्यंत वाढवून मिळावी, आणि पुढील आदेश काढण्यात येऊ नये, ही विनंती.’